माहितीदार ‘ग’

मला बंद दारांची फार खोड आहे. कुठल्याही ऑफिसात गेले की खिडकीवरचं काम उरकून परतणं मला जमत नाही. आतल्या खोलीत कोण बसतं, कागद या टेबलावरून त्या टेबलावर का जातो, हे विचारल्याशिवाय माझा पाय निघत नाही. नवरा म्हणतो, तुझ्यासोबत बँकेत जायचं तर डबा घेऊनच निघावं लागतं. त्यामुळे विद्यापीठाच्या प्रकाशन विभागानं माझं पुस्तक छापायला घेतलं, तेव्हा मला आनंद झाला तो पुस्तकाचा आणि तितकाच आता तो विभाग आतून बघायला मिळणार याचा.

पुस्तक आमच्या भागातल्या तलावांवरच्या मासेमारीचं. मी लाखांदूरला कॉलेजात शिकवते, पण माझं आजोळ सानगडीकडचं, ढिवरांचं. मामा जाळं टाकतो आणि मामी बाजारात मासे विकते. पुस्तकातलं निम्म्याहून जास्त मामीनं सांगितलेलं आहे. मरळ आपली पिल्लं कशी राखते, झिंगे किती वाळले म्हणजे टिकतात, तलावाचं पाणी कुठल्या रंगाचं झालं की जाळं टाकण्यात अर्थ नाही. ती सांगायला लागली की मामा शेजारी बसून मान हलवायचा आणि मध्येच तिचंच वाक्य आपलं म्हणून ठोकून द्यायचा. म्हणूनच की काय, पहिल्याच दिवशी तिनं अट घातली.

“माजं नाव लिहिशीन त सांगीन. नाही त तुज्या मामालेच विचार.”

“लिहीन ना मामी.”

“कुठं लिहिशीन? मांगं, बारीक अक्षरात? तसं नाही चालत. जिथं माजी गोष्ट, तिथं माजं नाव.”

तिची मागणी अवाजवी नव्हती. बाजारात तिला सगळे अमक्याची बायको म्हणून ओळखतात. मच्छीमार सोसायटीत नाव मामाचं. चौथीपर्यंत शाळेत गेली तेव्हा हजेरीत तिचं नाव पुकारलं जायचं. त्यानंतर ते कोणी मोठ्यानं घेतल्याचं तिला आठवत नव्हतं. मी शब्द दिला.

प्रकाशन विभागात मला एक उपसंपादक बाई भेटल्या. निवृत्तीला आलेल्या, आणि इतक्या वर्षांत कोणी काही विचारलंच नसावं तशा बोलायला आतुर. त्यांनी चहा मागवला आणि सगळा इतिहास सांगितला. विभाग सुरू झाला परीक्षा भवनामागच्या दोन खोल्यांत. बाहेर कोणी छापत नाही अशी पाठ्यपुस्तकं काढायची, एवढंच काम. मग जो तो प्राध्यापक आपल्या विद्यार्थ्याचा प्रबंध काखेत मारून यायला लागला आणि मित्राची शिफारस जोडायला लागला. एका गृहस्थांनी तर म्हणे स्वतःच्याच पुस्तकाचे परीक्षक होऊन ‘अत्यंत मौलिक’ असा शेरा मारला. तेव्हापासून नियम झाला की हस्तलिखित दोन परीक्षकांकडे जाणार. परीक्षक कोण ते लेखकाला कळणार नाही, लेखक कोण ते परीक्षकांना.

मी भारावून ऐकत होते. संचालकपद कायम कोणा तरी प्राध्यापकाकडे अतिरिक्त कार्यभार म्हणून असतं, त्यामुळे ते खुर्चीच्या टोकावर बसतात, हे मला तिथंच कळलं. पानं लावायचं काम आता संगणकावर होतं, तरी त्या खोलीला अजून खिळे जुळवायच्या काळातलं ‘जुळणी’च म्हणतात, हेही. संपादन समिती, परीक्षक, पुन्हा समिती, मग जुळणी, मुद्रितशोधन, छपाई आणि शेवटी गोदाम, असा पुस्तकाचा प्रवास. मी प्रत्येक दारातून डोकावून आले. माझे परीक्षक कोण, हे काढून घ्यायचाही बराच प्रयत्न केला. बाई नुसत्या हसल्या.

या नियमापायी मला एक निनावी प्रत करून द्यावी लागली. लेखकाची ओळख पटेल असा मजकूर त्यात नको. माझं आजोळ कुठलं हे आमच्या विषयातल्या सगळ्यांना ठाऊक, म्हणजे गाव गेलं, तलाव गेला, मामा-मामी गेले. गाव झालं ‘अ’, तलाव ‘ब’. मामी झाली ‘माहितीदार ग’. परीक्षण पार पडलं की खरी नावं परत घालायची, असं ठरलं होतं. छपाईआधी तपासायची मुद्रितं आली तशी मी ती एकूण एक घातली, लाल शाईनं, पानोपान.

पुस्तक छापून आलं. मी ते उघडलं. ‘माहितीदार ग यांच्या मते मरळ पिल्लांवर पहारा ठेवते.’ सगळीकडे ग. मी तशीच विभागात धावले. मुद्रितशोधक गृहस्थ शांतपणे म्हणाले, “मॅडम, समितीची सही आणि शिक्का त्या निनावी प्रतीवर आहे. मंजूर प्रत तीच. तुमच्या दुरुस्त्या मंजूर प्रतीत नव्हत्या, म्हणून मी त्या काढल्या.” त्यांनी प्रत्येक नाव शोधून शोधून, नियमाला धरून पुसलं होतं. मला रडू आलं, आणि त्याचबरोबर हेही वाटलं की इतकं मन लावून केलेलं काम मी फार कमी ठिकाणी पाहिलंय.

पुन्हा छपाई? असलेला साठा संपल्याशिवाय नाही. उपसंपादक बाईंना खरंच वाईट वाटलं. त्यांनी शुद्धिपत्र छापून द्यायचं कबूल केलं. एक सुटी चिठ्ठी. अमुक पानावर ‘ग’ ऐवजी अमुक वाचावे.

मामीला हे सांगणं मी किती दिवस टाळलं असतं कोण जाणे, पण पुस्तक आलं हे तिच्या कानावर गेलं होतं. तिनं माझ्याकडची प्रत मागून घेतली आणि बोट फिरवत एक पान वाचलं.

“हे ग कोन बाई होय?”

मी सगळं सांगितलं. तिनं पुस्तक मिटून बाजूला ठेवलं. मग म्हणाली, “मले घेऊन चाल. कुठं करतेत असं, मले पाहाचं हाय.”

एसटीनं भंडारा आणि तिथून पुढं विद्यापीठ. बाई आम्हाला थेट गोदामात घेऊन गेल्या. गठ्ठे सोडलेले होते आणि तिथला कर्मचारी एकेका प्रतीत चिठ्ठी सरकवत होता. मामीनं एक प्रत उचलली, उलटी धरली, झटकली. चिठ्ठी फरशीवर पडली.

“हे असं,” ती म्हणाली. “पेन दे.”

मी पेन दिलं आणि ‘ग’चं पान उघडून दिलं. ती खाली बसली, पुस्तक मांडीवर घेतलं आणि ‘ग’वर आडवी रेघ मारली.

“अवो बाई, विद्यापीठाची प्रत आहे,” कर्मचारी म्हणाला. “त्यावर लिहिता येत नाही.”

“मंग तुमी माज्यावर ग कसा लिवला?”

तो प्रत काढून घ्यायला वाकला. उपसंपादक बाईंनी त्याला हातानंच थांबवलं. मामीनं वर, समासात, आपलं नाव लिहिलं. नुसतं आपलं, मामाचं नाही, आडनावही नाही. ते मी इथं देत नाही, कारण दुसऱ्या कोणाच्या छपाईवर आता तिचा भरवसा उरलेला नाही. प्रत्येक अक्षराला ती श्वास रोखून धरत होती. मग दुसरी प्रत, तिसरी. आणखी काही प्रती झाल्यावर तिनं पेन माझ्याकडे दिलं.

“आता तू लिव. पन अक्षर माज्यासारखं काढ.”

मी तिच्या शेजारी बसले आणि तिचं नाव लिहिलं. तिनं पुस्तक ओढून घेतलं, डोळ्यांजवळ नेलं, बराच वेळ पाहिलं.

“खोड,” ती म्हणाली. “हे तुज्या हातचं दिसते. मी अशी नाही.”