अदेल्मोमामाने केलेली खूण

माझा अदेल्मोमामा सिनेमात नट होता असं सांगितलं, की साओ पावलोतले लोक विचारतात, कुठल्या? नावं घेऊन उपयोग नसतो. आमच्याकडच्या स्वस्त चित्रपटांत तो फौजदार व्हायचा, लाथ मारून दार उघडायचा, दोन वाक्यं बोलायचा आणि मरायचा. पोट भरायचं ते संकलनावर. स्वतःचं मरण तो स्वतःच कापून छोटं करायचा. "मेला किती वेळ लावतो मरायला," म्हणायचा. स्वभावाने मात्र पक्का भित्रा. दारावर थाप पडली, की बहिणीला, म्हणजे माझ्या आईला, पुढे करायचा.

लष्कराचं राज्य होतं. एका मंगळवारी त्याच्या संकलनाच्या खोलीत खराच फौजदार आला, काखेत फिल्मचं रीळ घेऊन.

"तुझे सिनेमे बघतो मी. आमच्यापेक्षा तूच बरा दिसतोस," तो म्हणाला. "हा विद्यार्थ्यांचा मोर्चा. चेहरा स्पष्ट दिसेल तिथे खूण कर. पुढचं आम्ही बघू. मी खाली कॉफी पिऊन येतो."

मामाने रीळ यंत्रावर चढवलं आणि थोड्याच वेळात त्याला मी दिसले. मूठ वर, तोंड उघडं, थेट कॅमेऱ्याकडे बघणारी शहाणी. घरच्यांच्या लेखी मी त्या दिवशी वाचनालयात होते.

त्याने माझा तुकडा कापला, टोकं जोडली आणि तुकडा मोज्यात खुपसला. तेवढ्यात फौजदार परत आला. त्याने रीळ चालवायला लावलं.

"इथे काहीतरी उडालं."

"फिल्म तुटली, साहेब. यंत्र जुनं आहे."

"आणि खुणा? एवढ्या गर्दीत तुला एकही चेहरा दिसला नाही?"

तो मामाच्या पाठीशी येऊन उभा राहिला. त्याचा श्वास मानेवर लागत होता आणि घोट्याला फिल्म टोचत होती, असं मामाने नंतर सांगितलं. मामाने पांढरी पेन्सिल उचलली आणि जोडाच्या लगेच पुढे जी मुलगी आली, तिच्या चेहऱ्याभोवती गोल काढला.

आपल्यावर पाळत असेल या भीतीने तो शनिवारपर्यंत आमच्याकडे फिरकला नाही. आला तो ताटातला घेवडा-भात नुसता चिवडत बसला. आई उठून आत गेल्यावर हळूच म्हणाला, "दिर्सी, मोर्चात तुझ्या शेजारी कोण होतं? पट्ट्यापट्ट्यांचा ब्लाउज."

"मी कुठे मोर्चात..."

"खोटं नंतर बोल. नाव सांग."

"झुलेइका. का?"

त्याने सगळं सांगितलं. मला आधी हायसं वाटलं, आणि त्या हायसं वाटण्याचीच इतकी लाज वाटली की मी त्याच्यावरच उसळले.

"तू तिला त्यांच्या हाती दिलंस, मामा?"

"तुला नाही दिलं," तो म्हणाला आणि ताटावरच रडू लागला.

कोपऱ्यावरच्या बेकरीत फोन होता, तिकडे आम्ही धावलो. झुलेइकाच्या घरी ती आणि तिची विधवा आई, दोघीच. पहिल्याच घंटीला फोन उचलला गेला.

"बोला," पुरुषाचा आवाज आला. "झुलेइकाची मैत्रीण का? नाव काय तुझं?"

मागून तिची आई मोठमोठ्याने सांगत होती, "साहेब, माझ्या मुलीला कुणी मैत्रिणी नाहीत हो. एकसुद्धा नाही."

मामाने माझ्या हातातून फोन घेतला आणि खाली ठेवला.