पोटात राहिलेला घास

कारखान्याच्या कँटीनमध्ये तिच्या हाताला चव आहे असं सगळेच म्हणत. पण त्या महिन्यात कांदा तेलात पडला रे पडला की तिला ढवळून यायचं. तोंडावर हात दाबून ती मागच्या दाराने बाहेर पळायची.

दिवस गेल्याचं तिने कुणाला सांगितलं नव्हतं. मागच्या खेपेला बातमी आधीच सगळीकडे झाली होती, आणि तिसऱ्या महिन्यात सगळं संपल्यावर जो भेटेल तो कीव करत बसला. नवरा जहाजावर खलाशी, त्याचा फोन लागला तर लागला. आई कधीच गेली होती.

डॉक्टरीणबाईंनी बजावलं होतं, "उलट्या होतात म्हणून उपाशी राहू नका. थोडं थोडं, पण सारखं खा. डाळ, अंडी, पालेभाजी. गोळ्या चुकवू नका. घरी करून घालणारं कोण आहे?"

"मीच आहे," ती म्हणाली.

शेकडो लोकांना रांधून घालणारी ही बाई घरी मात्र कोरड्या पावावर भागवू लागली. एकटीसाठी गॅस पेटवणं अगदी जिवावर यायचं. कामावरही चव बघणं बंद झालं. भाजी अळणी गेली, तेव्हा मॅनेजर चारचौघांत बोलला. तिने मान खाली घालून ऐकून घेतलं.

भांडी घासणारी मावशी तशी तुसडी, कुणाशी धड बोलायची नाही. तिने येऊन हातातला झारा काढून घेतला. "फोडणी मी घालते. तू खिडकीपाशी बसून भाजी चीर."

"का?"

"तोंड बघितलंस का आरशात?" मावशी कढईकडे बघतच म्हणाली. "आणि तो डबा घे. बटाटा आणि अंडं आहे, उकडून गार केलेलं. गार अन्नाचा वास कमी येतो. मी काही विचारत नाही, तूही सांगू नकोस."

मागच्या पायरीवर बसून तिने एकेक घास चावून चावून खाल्ला. पोटात राहिला. त्या दिवसापासून डबा रोज येऊ लागला; बोलणं मात्र तेवढंच राहिलं.

तिसरा महिना सरला. चौथ्यात एकदाचा नवऱ्याचा फोन लागला आणि तिने सांगून टाकलं. पलीकडे नुसती खरखर. "काय? काय म्हणालीस?" एवढं ऐकू आलं आणि फोन तुटला.

पुन्हा वाजेल म्हणून ती बराच वेळ बसून राहिली. मग उठली, मूठभर डाळ धुतली, गॅस पेटवला आणि शिजेपर्यंत शेजारीच उभी राहिली.