शेवंतामावशीच्या मांडीवर मरताना

माझी शेवंतामावशी हिंदी सिनेमात होती आणि तिथे तिनं एकूण सात वेळा चहा आणला होता.

(चहाशिवायही कामं होती! दोनदा नर्स, एकदा मोलकरीण, आणि नायिका मेली की तिचं डोकं मांडीवर घेऊन रडणारी मैत्रीण तर कितीदा तरी.) मूल गावच्या टॉकीजमध्ये तिचा सिनेमा लागला की अख्खं घर जायचं. आई "आली, आली!" ओरडेपर्यंत मावशी ट्रे ठेवून गेलेलीसुद्धा असायची.

मला तेवढी पुरायची. ऐंशी-ब्याऐंशीचा काळ, मी सतरा वर्षांची. धान राखायला बांधावर बसले की वाऱ्यानं लोंब्या सळसळायच्या आणि मला वाटायचं, या माझ्यासाठीच टाळ्या वाजवतायत. मी मान झुकवून नमस्कारही करायची. तेवढ्यात पाखरं धान खाऊन जायची आणि बाबांच्या शिव्या कुठूनशा लांबून, स्वप्नातल्यासारख्या ऐकू यायच्या.

त्या वर्षी मावशी दिवाळीला आमच्याकडे आली. पुढच्या आठवड्यात मंडई, म्हणजे आमच्याकडची दिवाळीनंतरची जत्रा, होती, आणि मंडईच्या नाटकात नायिका होते मी! शेवटी मरणारी! माझं मरण एकदा पाहिलं की मावशी मला मुंबईला नेल्याशिवाय राहणार नाही, याबद्दल मला जराही शंका नव्हती.

"मावशी, माह्यं मरण पाह्यले येशीन का?"

"काऊन वं, इतकी काय घाई हाय?"

तालीम दुपारी राइस मिलच्या अंगणात चालायची. डायरेक्टर गणूभाऊ मिलवरच कामाला. पडताना लागू नये म्हणून त्यांनी माझ्या मरणाची सोय कोंड्याच्या ढिगावर केली होती. मैत्रिणीचं काम करणारी पोरगी त्या दिवशी धान कापायला गेली होती, आणि मावशी माझं मरण पाहायला येऊन बसली होती.

"मर!" गणूभाऊ ओरडले.

मी मेले. काय मेले! कोंडा सोन्यासारखा उन्हात उडाला, हळूहळू खाली येऊ लागला. इतक्यात मावशी नुसत्या सवयीनं उठली, धावत आली आणि माझं डोकं मांडीवर घेऊन रडायला लागली. तिच्या पदराला पावडरचा वास होता. अहाहा! मी मुंबईतच पोचले. मिलमधल्या बाया सुपं टाकून गोळा झाल्या. मावशी कशी रडते ते पाहायला मी एक डोळा किलकिला केला, आणि नाकात कोंडा गेला.

"आक्छी!"

"जित्ती हाय!" मावशीनं क्षणात हंबरडा फोडला. "माही सखी जित्ती हाय!"

बायांनी टाळ्या वाजवल्या. मला चेव आला. मी पुन्हा मेले, पुन्हा शिंकले. तिसऱ्यांदा मावशीनं माझं नाकच दाबून धरलं.

"मर नं वं आता, पोरी!" ती दात खाऊन पुटपुटली. मी तोंडानं शिंकले.

गणूभाऊंनी कपाळाला हात लावला. "हे पोरगी काई मरत नाई! बाई, तुमीच मरता का?"

मावशी पदराच्या टोकाशी चाळा करत म्हणाली, "गणूभाऊ, पंधरा वर्सं झाली सिनेमात. मले अजून कोणी मर म्हणलं नाई."

मला रडू आलं. तिच्यासाठी आलं, आणि माझ्यासाठी जरा जास्तच आलं.

"मंग मी काय करू?"

"तू मैत्रीण," गणूभाऊ म्हणाले. "तिले चहा नेऊन दे."

नाटकात मावशी अशी मेली की लोकांनी वन्स मोअर दिला. ती तीनदा मेली! डोकं माझ्या मांडीवर, मिटलेल्या डोळ्यांखाली ओठांवर बारीकसं हसू. तिच्याकडे पाहता पाहता मी रडायचंच विसरले.

"मावशी, आता तरी मले मुंबईले नेशीन?" रंग पुसताना मी विचारलं.

"नेली असती वं. पण तुहा हात कापते, अर्धा चहा बशीत सांडते."

पंधरा वर्षांत हिंदी सिनेमानं जिला एकदाही मरू दिलं नाही, तिला माझ्या तीन शिंकांनी नायिका केलं. माझ्या हाताचं मात्र काही सुधारलं नाही. अजूनही पाहुणे आले की चहाचा ट्रे आमच्याकडे नवराच नेतो!