चौथं गाणं

थोरल्या मुलाच्या, डेलच्या बँडची पहिली तबकडी निघतेय हे ऑर्विल डेटमरला बायकोकडून, लॅव्हॉनकडून कळलं. जुन्या गावाकडच्या कंट्री गाण्यांना ही पोरं पंक रॉकचा धांगडधिंगा जोडत. ऑर्विलला ते कधी रुचलं नव्हतं, पण तक्रारही नव्हती. मग लॅव्हॉन हळूच म्हणाली, "त्यातलं चौथं गाणं केनीवर आहे."

सहा वर्षांत त्या घरात केनीचं नाव कुणी घेतलं नव्हतं. धाकटा, सतरा वर्षांचा. धान्याच्या उंच पत्र्याच्या कोठीत मक्याचा वर कडक थर धरला होता, तो फोडायला ऑर्विलनेच त्याला आत पाठवलं आणि दाणा खालून ओढून काढणारं यंत्र चालू केलं. दाणा सरकला, पोरगा त्यात गळ्यापर्यंत रुतला, मग दिसेनासाच झाला. पत्रा कापून काढेपर्यंत सगळं संपलं होतं.

ऑर्विलने ट्रक काढला आणि दोन तासांत शँपेन शहरातला स्टुडिओ गाठला. पोरं सँडविच खात होती. डेल उठून उभा राहिला.

"ते गाणं काढून टाक."

"आधी ऐका तरी, बाबा."

त्याने ते लावलं. ऑर्विल टोपी हातात धरून उभ्यानेच ऐकत राहिला. गाण्यातला भाऊ म्हणत होता, त्या दिवशी पाळी माझी होती.

"खोटं आहे हे," ऑर्विलचा आवाज चिरकला. "पाळीबिळी काही नव्हती. त्याला मी पाठवलं. यंत्र मी चालू केलं. लोकांपुढे माझं पाप स्वतःवर घेऊन काय मिळवतोस?"

"त्या सकाळी तुम्ही आधी मला हाक मारली होती."

"तू झोपला होतास."

"जागा होतो." डेल खाली बघत म्हणाला. "रात्री कार्यक्रम झाला होता, अंग दुखत होतं. सोंग घेतलं. तुम्ही जिना उतरलात आणि केनीला उठवलंत, ते मला ऐकू येत होतं."

पोरांनी सँडविच खाली ठेवली.

ऑर्विलला क्षणभर हायसं वाटलं. दोष वाटून घ्यायला कुणीतरी सापडलं होतं. मग त्या हायसं वाटण्याचीच त्याला इतकी किळस आली की तो भिंतीला टेकला.

"आईला सांगितलंस?"

"नाही."

"नको सांगूस," ऑर्विल म्हणाला. "गाणं राहू दे. ती विचारेल तर मी म्हणेन, गाण्यात असंच लिहितात."

मार्चमध्ये तबकडी आली. लॅव्हॉन ती रोज स्वयंपाकघरात लावते. चौथं गाणं सुरू झालं की ऑर्विल उठून गोठ्याकडे जातो आणि किती वेळ थांबायचं ते न कळून तिथेच उभा राहतो.