मागच्या पानावरचं उत्तर

काल दुपारी पनवेलला वकिलांकडे गेलो होतो. संजीवनीचं नाव केसमधून काढून घ्यायला...

माझी बायको जाऊन अडीच महिने झाले. मुलगी सासरी गेल्यावर संजीवनीने लॉला अ‍ॅडमिशन घेतली होती, आणि शेवटच्या वर्षी एका पेपरात चार मार्कांनी राहिली. पेपर पुन्हा तपासायचा अर्ज केला, त्याला वर्ष होत आलं... उत्तर नाही. शेवटी सहा जणांनी मिळून विद्यापीठाविरुद्ध याचिका केली. वयाने मोठी म्हणून पहिलं नाव हिचं.

आता तीच नाही तर केस कशाला, असं मला वाटत होतं. तारखांचे मेसेज अजून तिच्या फोनवर येतात... बघवत नाही.

वकील म्हणाले, सही करा, नाव कमी होईल. पण मग तिचे कागदही केसमधून बाहेर निघतील. विद्यापीठ याच वेगाने चाललं तर उरलेल्यांची नातवंडं यांच्याआधी वकील होतील, असंही म्हणाले. कोणी हसलं नाही.

तिथे अफरीन होती. केसमधलं दुसरं नाव तिचं. कामोठ्याला राहते, याच वकिलांकडे टायपिंग करते. हा निकाल लागल्याशिवाय तिला वकिलीची सनद मिळत नाही, आणि घरचे आता पुरे म्हणतायत...

तिने विचारलं, मावशींच्या उत्तरपत्रिकेची कॉपी आली का? ती सहाही जणांनी मागवली होती, बाकी पाच जणांना अजून मिळालेली नाही. संजीवनीची आली होती, ती गेल्यावर. पाकीट मी फोडलंच नव्हतं. तसंच पिशवीत टाकून नेलं होतं.

ते फोडून अफरीन एकेक पान उलटत गेली आणि थांबली. "काका, हे बघा. मावशींचं हे उत्तर तपासलेलंच नाही."

खरंच. पानभर तिचं अक्षर, आणि लाल पेनाची एक खूण नाही. आधीच्या पानाच्या तळाशी तिने बाण काढून लिहिलं होतं, 'कृपया मागे पहा'.

ही तिची सवयच. वाण्याच्या यादीवरही असंच लिहायची... आणि मी कितीदा तरी मागची बाजू न बघताच घरी यायचो. तपासणाऱ्याला तरी काय बोलू.

अफरीन हळू आवाजात म्हणाली, "आमच्याकडे दुसरा पुरावा नाही, काका. मावशींचं नाव राहू द्या ना."

मी दुसऱ्या कागदावर सही केली. नाव राहील, पुढे 'मयत' असं लागेल. उत्तरपत्रिका फाइलला जोडली. यामुळे तारीख पुन्हा पुढे जाईल म्हणाले... जाऊ दे.

निघताना अफरीनने त्या दोन पानांची झेरॉक्स माझ्या हातात ठेवली. मी मागितली नव्हती. तिचे आभार मानायचे राहिले, ते इथे मानतो.

घरी आल्यावर डाळीच्या डब्याखालची संजीवनीची शेवटची यादी काढली. उलटून पाहिली.

मागे काही नव्हतं... पण या वेळी पाहिलं.