दरबारी कवींचं टायपिंग

नव्वदच्या दशकाच्या शेवटी मी आखातात, जबल अलीत क्रेन भाड्याने देणाऱ्या एका कंपनीत टायपिस्ट होते. सकाळी साडेसहाला करामाच्या नाक्यावर कंपनीची बस यायची, संध्याकाळी साडेसहाला तिथेच आणून सोडायची. शुक्रवारी सुट्टी, म्हणून गुरुवारी मात्र अर्धा दिवस. त्या अर्ध्या दिवसाच्या आशेवर मी आठवडा काढायचे, आणि तोच मी एका माणसाला देऊन बसले.

ते आमचे कॉन्ट्रॅक्ट मॅनेजर. वय साठीच्या अलीकडे, एकटेच राहायचे. सुरुवातीला मी त्यांना इंग्रज समजत होते. "इंग्रज नाही, वेल्सचा," त्यांनी एकदा शांतपणे सांगितलं. त्यांचा उजवा हात थरथरायचा. सह्या वाकड्या यायला लागल्या तेव्हा सगळ्यांच्या लक्षात आलं, पण कुणी बोललं नाही.

एका गुरुवारी बस सुटायच्या आधी त्यांनी मला केबिनमध्ये बोलावलं. टेबलावर जाडजूड वह्यांचा ढीग होता. त्यांच्या देशात सात-आठशे वर्षांपूर्वी राजांच्या पदरी कवी असत. त्या कवींच्या कविता वीस वर्षं खपून सरांनी हाताने उतरवून घेतल्या होत्या आणि समोरच्या पानावर इंग्रजी अर्थ लिहिला होता. आता हाताला पेन धरवत नव्हतं.

"तुम्ही टाइप कराल का? मी वाचून दाखवीन. गुरुवारी दुपारी, तुम्हाला जमेल तसं."

पगाराशिवाय वेगळे पैसे देईन म्हणाले. खरं तर मला नाही म्हणायचं होतं. पण ते बोलताना उजवा हात डाव्या हाताने दाबून धरत होते, ते बघून माझ्याने नाही म्हणवेना.

घरी मिस्टर वैतागले. ते शारजाच्या औद्योगिक भागात गॅरेजमध्ये सुपरवायझर होते, घरी यायचे तेच ग्रीसचा वास घेऊन. "अगं, आठवडाभर टाइप करतेसच. जी भाषा कळत नाही ती कशाला बडवत बसायची?"

"कळत नाही म्हणूनच डोक्याला त्रास नाही," मी म्हटलं. ते काही खरं नव्हतं.

त्या भाषेत डब्ल्यू हा स्वर होता. दोन डी, दोन एल शेजारी शेजारी यायचे. सर एकेक अक्षर सांगायचे आणि मी बटणं दाबायचे. मान आखडायची. मधेच ते थांबून काहीतरी सांगायचे. दरबारातल्या मोठ्या कवीला मानाची खुर्ची असे, आणि तो आधी देवाचं गाणं म्हणे, मग राजाचं. राजाच्या लढवय्यांचा आणखी एक वेगळा कवी. राणीला आपल्या दालनात गाणं ऐकायचं असलं, तर त्याने ते हळू आवाजात म्हणायचं, म्हणजे बाहेरच्या दरबाराला त्रास होणार नाही. असा कायदाच होता म्हणे. त्या राणीचं बरं आहे असं मला वाटायचं. दमून आल्यावर कुणीतरी आपल्यापुरतं हळू आवाजात गायचं.

असं वर्षभर चाललं. मग माझ्या हातून ते घडलं.

त्या दिवशी मला ताप होता. कंपनीचं एक टेंडर संपवून मी स्पेलिंग तपासायला लावलं आणि झोपेतच असल्यासारखी 'सगळं बदला' हे बटण दाबत गेले. उघडी होती ती सरांची फाइल. सेव्ह करून मी घरी गेले. गुरुवारी बघितलं तर चाळीसेक पानांतल्या वेल्श शब्दांच्या जागी कुठले तरी इंग्रजी शब्द बसले होते. राजे, लढाया, घोडे, सगळ्यांचा चिवडा झाला होता. दुसरी प्रत मी ठेवलेली नव्हती.

सर आल्यावर मी सांगून टाकलं. "सर, चूक माझी आहे. सगळं गेलं."

त्यांनी स्क्रीनवरची पानं पुढे पुढे नेली. मी पॅन्ट्रीतून चहा करून आणला आणि समोर ठेवला.

"राजाची मर्जी गेली की कवी त्याच्यासाठी एक कविता करून आणायचा," ते शेवटी म्हणाले. "रुसवा काढायची कविता. तो एक प्रकारच होता."

"मला कविता येत नाही सर."

"चहा येतो, ते चालेल." ते हसले नाहीत. चहा प्यायले आणि पहिली वही परत उघडली.

ती चाळीस पानं पुन्हा करायला चार महिने लागले. त्यांचा आवाज बसत चालला होता, माझी बोटं दुखायची. दुसऱ्यांदा करताना मात्र मला एक गोष्ट जाणवायला लागली. ओळीच्या सुरुवातीला जी अक्षरं दाबली, तीच थोड्या वेळाने परत दाबावी लागत. शाळेत अनुप्रास शिकवला होता, तसंच काहीतरी, पण फार घट्ट विणलेलं. अर्थ कळत नसला तरी पुढे कुठलं बटण येणार हे बोटांना आधीच कळायचं.

एका ओळीत बोट अडलं. "सर, इथे जी यायला पाहिजे होता का? तुम्ही सी सांगितलात."

"वहीत सी आहे."

"बरं. मला आपलं वाटलं."

त्यांनी कपाटातून छापील पुस्तक काढलं, थरथरत्या बोटाने ओळ शोधली. तिथे जी होता. वीस वर्षांपूर्वी उतरवून घेताना त्यांचीच चूक झाली होती. ते माझ्याकडे बघत राहिले आणि म्हणाले, "आज इथेच थांबू या." मला वाटलं रागावले. पण पुढच्या गुरुवारी प्रत्येक पान झालं की विचारायला लागले, "कुठे अडलं का?"

सरांना साठ वर्षं पूर्ण झाली आणि व्हिसाचं नूतनीकरण झालं नाही. निरोपाच्या पार्टीत केक कापताना सुरी दुसऱ्याने धरली. काम थोडं उरलं होतं. "तिकडे गेल्यावर पूर्ण करतो," म्हणाले. मी विमानतळावर गेले नाही. त्या गुरुवारी एकच्या बसने घरी आले आणि संध्याकाळपर्यंत झोपले.

चार वर्षांनी त्यांच्या बहिणीचं पत्र ऑफिसच्या पत्त्यावर आलं. बोटीने पाठवलेल्या सामानात पाणी शिरून वह्या आणि फ्लॉपी, दोन्ही खराब झाल्या होत्या. तुमच्याकडे काही आहे का? त्या चाळीस पानांनंतर मी नकला ठेवायला लागले होते. तीन फ्लॉपी घेऊन करामातल्या कॉम्प्युटरवाल्याकडे गेले. दोन उघडल्या. तिसरीवर शोकगीतं होती, राजे मेल्यावर कवींनी केलेली. ती काही केल्या उघडेना. "खलास, मॅडम," दुकानदार म्हणाला.

होतं तेवढं छापून मी पाठवलं. महिन्याभराने कार्ड आलं. सरांना आता वाचता येत नाही, बोलणंही थोडंच. बहीण दुपारी पानं वाचून दाखवते. तिला ती जुनी भाषा येत नाही, उच्चार चुकतात, आणि ते चिडून दुरुस्त करतात. दिवसभरात तेवढाच वेळ ते नीट जागे असतात, असं तिने लिहिलं होतं.

मी कार्ड दोनदा वाचलं. मिस्टर टीव्हीसमोर होते. "कुणाचं गं?"

"सरांच्या बहिणीचं."

"झालं का त्यांचं पुस्तक?"

"नाही."

"एवढं करून?" ते म्हणाले, आणि टीव्हीचा आवाज थोडा कमी केला. मी कुकर लावायला उठले.