आत्याच्या वजनकाट्यावरचा बंदोबस्त

बाळांनो, परवा व्हिडिओ कॉलवर आत्याच्या मागून खाकी वर्दी गेली आणि तुम्ही दोघं घाबरलात. फोनवर सगळं सांगता येत नाही, म्हणून ही आजी लिहिते.

कुंभार पिंपळगावच्या रस्त्यालगत तुमच्या आत्याचा वजनकाटा आहे. भरलेली ट्रॉली लोखंडी फलाटावर उभी केली की आतल्या खोलीत वजन दिसतं. परवाना, दरवर्षीचा सरकारी शिक्का, सगळं रीतसर. कापूस व्यापाऱ्याकडे नेण्याआधी शेतकरी इथे तोलून घेऊ लागले आणि काही व्यापाऱ्यांची खोटी वजनं उघडी पडली. मग मोटारसायकलवरून माणसं येऊ लागली. "ताई, काटा बंद करा, न्हाईतर आम्ही करू." एके सकाळी खिडकीची काच फुटलेली दिसली. आत्या वकील गाठून खंडपीठात गेली आणि कोर्टाने पोलीस संरक्षणाचा हुकूम दिला.

मला वाटलं, सुटलो. पण हवालदार फाटकाशी खुर्ची टाकून बसला आणि ट्रॅक्टर येईनासे झाले. आपल्याकडे दारात पोलीस दिसला की लोक समजतात, छापा पडलाय. समोरच्या चहाच्या टपरीवर ट्रॅक्टर थांबायचे, माणसं इकडे बघायची आणि निघून जायची. काट्यावर बँकेचं कर्ज आहे आणि कापसाचा हंगाम काही महिन्यांचाच असतो. मी दुपारी आत्याचा डबा घेऊन जायची, तो अर्धा परत यायचा.

"आई, धमकीनं काटा बंद पडला न्हाई," आत्या म्हणाली, "बंदोबस्तानं पडंल."

हवालदाराने ते ऐकलं. मोठ्या मिशांचा, पण मुलासारखा लाजणारा माणूस. मी चहा दिला की उभं राहून घ्यायचा. म्हणाला, "माय, मला इथून हलता येत न्हाई आन् वर्दीबी काढता येत न्हाई. आमच्या आबाला सांगून बघतो. त्यांचा कापूस निघालाय."

दोन दिवसांनी त्याचे वडील आले. कापसाच्या ढिगावर मांडी घालून, डोक्याला पटका. ट्रॅक्टर फलाटावर चढला, चालक उतरला. म्हातारबाबा वरच.

आत्या खिडकीतून म्हणाली, "बाबा, खाली उतरा. तुमचं वजन कापसात येतंय."

"येऊ द्या की! व्यापारी कधी उतरवत न्हाई मला."

"तो तुमच्या वजनासंगं निम्मा कापूसबी कापून घेतो, म्हणून उतरवत न्हाई."

हवालदार खुर्चीवरून उठला. "आबा, उतरा जल्दी."

"कोणाला सांगून राह्यला रे?" म्हातारबाबांचा आवाज थेट टपरीपर्यंत गेला. "पोलिसात गेला म्हून बापावर हुकूम? कालपर्यंत ह्याच ढिगावर लोळत व्हता! आन् ही मिशी कशाला वाढवली? तुझी माय भिते का तुला?"

हवालदाराने टोपी काढून डोकं खाजवलं. "तसं न्हाई आबा..."

"मंग हात दे!"

एवढ्या मोठ्या देहाच्या त्या मुलाने दोन्ही हात वर केले आणि बापाला लहान लेकरासारखं अलगद उतरवून घेतलं. टपरीवर हशा पिकला. मीही पदर तोंडाला लावला. आत्या हसत होती. काच फुटल्यापासून तिला हसताना मी पाहिलं नव्हतं.

म्हातारबाबा वजनाची पावती घडी घालून खिशात ठेवत होते, तेवढ्यात टपरीपुढचा एक ट्रॅक्टर वळून फाटकात आला. चालकाने हवालदाराकडे बघत विचारलं, "साहेब, आम्हीबी उतरू का?"

"उतरा. इथं माझ्या बापालाबी माफी न्हाई."

त्याच्यामागे आणखी एक आला, मग आणखी. मोटारसायकलवाले अजूनही अधूनमधून हॉर्न वाजवत जातात. त्यामुळे हवालदार आहे आणि राहील. त्याची खुर्ची मात्र आता ओसरीच्या सावलीत आहे, आणि तिच्याजवळ उभं राहून लोक पाऊसपाण्याच्या गप्पा मारतात.

त्या दिवशी डबा उचलला तर हाताला हलका लागला. उघडून पाहिलं. पोळ्या, पिठलं, लोणच्याची फोडसुद्धा संपली होती.